आईचं बोलणं, दादाचं पोर्तुगीज

माझा भाऊ पोर्तुगालच्या संसदेत निवडून आला, त्या आठवड्यात भोईवाड्याच्या नाक्यावर त्याचा फ्लेक्स लागला. 'गिरणगावच्या सुपुत्राचे हार्दिक अभिनंदन.' मध्ये कोटातला दादा आणि त्याच्या भोवती, ज्यांना त्याने आयुष्यात कधी पाहिलं नाही अशा कार्यकर्त्यांची तोंडं. मी हॉस्पिटलच्या लॅबमध्ये टेक्निशियन आहे. ड्यूटीवर जाताना रोज त्या फ्लेक्सखालून जावं लागायचं. लोक थांबवून पेढे मागायचे आणि मी द्यायचे. नाक्यावर उभं राहून सांगण्यासारखी ही गोष्ट नव्हती, म्हणून तेव्हा कुणाला सांगितली नाही.

आमचे बाबा पेडण्याचे. गोव्याचं हे अगदी वरचं टोक, पलीकडे लगेच सावंतवाडी लागते. बाबा जन्मले तेव्हा तिथे पोर्तुगीजांचं राज्य होतं. ते राज्य गेलं आणि थोड्याच दिवसांत बाबा मुंबईला आले, परळच्या एका गिरणीत लागले. पुढे संपात गिरणी बसली ती बसलीच. मग बाबांनी दादरला एका बिल्डिंगीत वॉचमनकी केली, आई बालवाडीत मदतनीस होती. भोईवाड्यातल्या चाळीतल्या एका खोलीत आम्ही चौघं. दादा माझ्याहून चार वर्षांनी मोठा.

दादाला बोलता यायचं. हे मी आता कडवटपणाने म्हणते, पण तेव्हा त्याचा आम्हाला फार अभिमान होता. चाळीत भांडण झालं तर बायका त्याला बोलवायच्या. तो वकील झाला आणि भोईवाडा कोर्टात एका सीनियरकडे जाऊ लागला, घरापासून चालत. कोट सीनियरचा जुना, खांद्यात मोठा. संध्याकाळी गॅलरीत खुर्ची टाकून तो चाळकऱ्यांचे अर्ज लिहून द्यायचा. मालक खोल्या रिकाम्या करून मागत होता, आणि दादाने दोन पावसाळे ते प्रकरण कोर्टात अडवून धरलं. त्याच जोरावर त्याने नगरसेवकाच्या तिकिटासाठी खटपट केली. तिकीट मिळालं दुसऱ्याला, मालकाच्याच माणसाला. दादा त्या रात्री जेवला नाही. आठवडाभराने म्हणाला, "या गावात माझं काही होणार नाही."

त्या सुमारास त्याला कोर्टातल्या एका गोव्याच्या वकिलाने सांगितलं की, पोर्तुगीज राज्यात जन्मलेल्या माणसाला आणि त्याच्या मुलांनाही पोर्तुगालचं नागरिकत्व मागता येतं. फक्त आधी बापाने मागायला हवं.

इथे आमच्या थोरल्या काकांबद्दल सांगायला हवं. बाबांचे मोठे भाऊ, ते गावीच राहिले. विशीत असताना ते तिरंगा घेऊन सत्याग्रहाला गेले होते. पाखल्यांच्या, म्हणजे गोऱ्या पोर्तुगीजांच्या पोलिसांनी त्यांना पकडलं आणि बंदुकीच्या दस्त्याने उजवा हात ठेचला. हाडं वेडीवाकडी जुळली. काकांना नांगर धरता येईना, घासही उचलता येईना. ते डाव्या हाताने जेवायचे. लग्नाकार्यात पंगतीला कधी बसले नाहीत. सगळे उठले की मागीलदारी केळीच्या पानावर एकटे जेवायचे. आम्ही मे महिन्यात गावी गेलो की मला ते विचित्र वाटायचं. मी त्यांच्याजवळ जाऊन बसायचे आणि ते डाव्या हाताने मला आंब्याची फोड द्यायचे.

बाबांनी आधी नाही म्हटलं. मोठ्याने नाही. ते नुसते मान हलवून गॅलरीत गेले. दादाने महिनाभर त्यांना समजावलं. हा नुसता कागद आहे, काकांना कळायचं कारण नाही, तुमच्या पिढीने गमावलं, आता माझं तरी होऊ द्या. शेवटी आई म्हणाली, पोरगा असा कुढत बसलेला बघवत नाही. मग बाबा पेडण्याला गेले आणि आपल्या जन्माच्या नोंदीचे जुने उतारे काढले. राहिले काकांच्याच घरी. जमिनीच्या कामाला आलोय म्हणून सांगितलं. काकांनी त्यांच्यासाठी रोज ताजी मासळी आणवली, बाबा परत आल्यावर आईला सांगत होते.

सह्या घरीच झाल्या, जेवणाचं ताट सरकवून. बाबांनी विचारलं, "आता मी इथला की तिथला?" दादा म्हणाला, "बाबा, तुम्ही इथलेच. हे कुणी बघत नाही." बाबांनी सही केली. पण त्यानंतर ते कधी मतदानाला गेले नाहीत. त्याआधी एकही निवडणूक त्यांनी चुकवली नव्हती, सकाळीच अंघोळ करून रांगेत उभे राहणारा माणूस. पक्षाची मुलं चिठ्ठी घेऊन यायची, बाबा म्हणायचे, गुडघा दुखतोय.

काकांना कळायचं ते कळलंच. गाव लहान, कचेरीतला कारकून ओळखीचा. पुढच्या वेळी बाबा गेले तेव्हा काका म्हणाले, "मला सांगितलं असतंस तर साक्षीदार म्हणून मीच आलो असतो." हे मला बाबांनी पुष्कळ वर्षांनी सांगितलं. काका तेव्हा वारले होते.

दादा लिस्बनला गेला. मी त्याचे कष्ट नाकारत नाही. इथली वकिली तिथे चालत नव्हती. तो हॉटेलात भांडी घासायचा आणि संध्याकाळच्या वर्गाला बसून कायदा पुन्हा पहिल्यापासून शिकायचा, तोही परक्या भाषेत. पहिली काही वर्षं फोनवर त्याचा आवाज इतका थकलेला असायचा की आई ठेवताना फोनला हात जोडायची. तो वकील झाला. तिथे नवीन आलेल्या आपल्याकडच्या, नेपाळच्या, बांगलादेशच्या माणसांची कागदपत्रं तो करून द्यायचा. मोठं नाव झालं त्याचं. त्याच्या ऑफिसबाहेर सकाळपासून रांग लागते असं कुणीतरी तिथून आलेल्याने सांगितलं, तेव्हा बाबा म्हणाले, "गॅलरीत अर्ज लिहायचा तसाच." मला वाटतं, सही केल्याचं त्या दिवशी त्यांना पहिल्यांदा बरं वाटलं असावं.

मग दादा तिथल्या एका पक्षात गेला. आधी एका उपनगराच्या नगरपालिकेत उभा राहिला. त्याच्या प्रचाराच्या दिवसांत बाबांना पॅरालिसिसचा झटका आला. मी माझ्याच हॉस्पिटलमध्ये त्यांना दाखल केलं. दादाला फोन केला. तो म्हणाला, मतदान झालं की निघतो, डॉक्टर काय म्हणतात ते रोज कळव. बाबा थांबले नाहीत. भोईवाड्याच्या स्मशानात अग्नी मी दिला. दादा निवडून आला आणि दिवसकार्याला पोचला. खूप रडला. ते रडणं खोटं होतं असं मी म्हणणार नाही. पण रडताना त्याचा फोन वाजत होता आणि तो प्रत्येक वेळी बघत होता.

माझं लग्न झालं नाही. त्याची कारणं वेगळी आहेत, खापर दादावर फोडत नाही. आई आणि मी दोघीच राहिलो. दादा दर रविवारी फोन करायचा. त्याची बायको तिकडची, मुलीला मराठी येत नाही. आई फोनवर नातीला नुसतं "गो बाये, गो बाये" म्हणायची आणि ती पोर हसायची.

मधल्या काळात तिथली हवा बदलली. बाहेरून आलेल्यांविरुद्ध बोललं की मतं मिळू लागली. दादाने पक्ष बदलला. हे मला चाळीतल्याच एका मुलाकडून कळलं. दादाचं बघून तो तिकडे गेला होता, सायकलवरून जेवण पोचवायचा. त्याने फोनवर एक क्लिप पाठवली आणि विचारलं, ताई, हे दादाच बोलतायत ना? दादा टीव्हीवर सांगत होता की आता दार बंद करायची वेळ आली आहे, येणारी माणसं इथली भाषा, इथला इतिहास मानत नाहीत. त्या मुलाचे कागद अजून व्हायचे होते. मी दादाला विचारलं, तर म्हणाला की ते राजकारण आहे, त्या मुलाला सांग माझ्या ऑफिसला भेट. मुलगा दोनदा गेला. भेट झाली नाही. तो आता परत आला आहे, लोअर परळला एका ऑफिसात सिक्युरिटीला आहे. रस्त्यात दिसला की मान वळवतो.

तर तो तिथल्या संसदेला उभा राहिला, त्या निवडणुकीआधी त्याचा फोन आला. तो इथे कुठल्याशा शिष्टमंडळाबरोबर येणार होता आणि सोबत तिथल्या टीव्हीची माणसं होती. त्यांना त्याचं जन्मघर दाखवायचं होतं, आईची मुलाखत घ्यायची होती. चाळ तेव्हा पुनर्विकासाला निघाली होती. निम्म्या खोल्या रिकाम्या, आम्ही जायच्या तयारीत. आईने तरी नवी चादर आणली, पडदे धुऊन लावले. दादा एक तास आधी एकटा आला. त्याने चादर काढायला लावली. टीव्हीवर जुनी ओढणी टाकली, फ्रिजसमोर पत्र्याची पेटी आणून उभी केली. मी म्हटलं, दादा, हे काय चाललंय. तो म्हणाला, चांगलं दिसत नाही ते, मध्ये येतं. आईने नेसलेली चांगली साडी तेवढी बदलली नाही.

मग ती मंडळी आली. कॅमेरेवाला आणि माइक घेतलेली एक बाई, चांगली वाटली. चपला बाहेर काढून आली, आईला नमस्कार केला. ती पोर्तुगीजमध्ये विचारायची, दादा मराठीत सांगायचा, आई बोलायची आणि दादा ते पोर्तुगीजमध्ये सांगायचा. आधी साधेच प्रश्न होते. मुलगा लहानपणी कसा होता, काय खायला आवडायचं. मग त्या बाईने विचारलं, पोर्तुगीजांच्या वेळच्या तुमच्या काय आठवणी?

आई पेडण्याचीच, पलीकडच्या वाडीतली. ती म्हणाली की आपण तेव्हा फार लहान होतो, स्वतःचं काही आठवत नाही. पण लग्न होऊन या घरात आल्यावर भावजींचं बघितलं. आणि तिने काकांच्या हाताचं सगळं सांगितलं. झेंडा, दस्ता, मागीलदारचं केळीचं पान. आईला मी इतकं सलग बोलताना कधी ऐकलं नव्हतं. ती त्या बाईच्या डोळ्यांकडे बघत बोलत होती, रागाने नाही, शेजारणीला सांगावं तसं. शेवटी म्हणाली, "ह्यांचा काय दोष म्हणा, ही पोर तेव्हा जन्मलीही नसेल. पण विचारलं म्हणून सांगितलं."

दादाने घसा साफ केला आणि ते पोर्तुगीजमध्ये सांगितलं. त्या बाईने आईचा हात हातात घेतला आणि ती हसली. छान हसली. कॅमेरेवालाही हसला.

ते गेले, दादा त्यांच्याबरोबरच गेला. संध्याकाळी आई तांदूळ निवडत होती. एकदम म्हणाली, "ती बाई हसली का गो?"

मी म्हटलं, तिला तुझं कौतुक वाटलं असेल.

"मी एवढी बोलले, त्याने एवढंसंच सांगितलं," आई म्हणाली. "आणि हाताचं ऐकून कोण हसतं?"

पुढे तो कार्यक्रम तिकडे लागला, दादाने लिंक पाठवली. खाली पोर्तुगीज अक्षरं येत होती. मी फोनमधून त्यांचं भाषांतर करून बघितलं आणि जे आलं त्यावर माझा विश्वास बसला नाही. फोन चुकत असेल असं वाटलं. लॅबमधल्या एका सिस्टरचे मामा दादरला राहायचे, मूळ मडगावचे, लहानपणी पोर्तुगीज शाळेत शिकलेले. त्यांच्याकडे गेले. त्यांनी ती क्लिप दोनदा ऐकली. मग चष्मा काढून म्हणाले, तुमचा भाऊ सांगतोय की आई म्हणते, माझे दीर पोर्तुगीज पोलिसांत होते, आयुष्यभर त्यांनी त्या दिवसांची आठवण जपली, आणि पोर्तुगीज गेले तेव्हा आमच्या गावात लोक रडले.

त्यांनी मला पाणी दिलं. म्हणाले, त्याचं पोर्तुगीज फार सुंदर आहे हो, आमच्या वेळच्या मास्तरांसारखं. हे ते मला बरं वाटावं म्हणून म्हणाले की सहज, कळलं नाही.

मी दादाला फोन लावला. त्याने उडवाउडवी केली नाही, हे सांगायला हवं. तो म्हणाला, "तिथे माझ्यासारख्या रंगाचा माणूस उभा राहिला की आधी संशयच घेतात. त्यांच्यावर राग नसलेला गोवेकर त्यांना चालतो. राग असलेला नाही. मला रोज सिद्ध करावं लागतं. तुला इथे बसून ते कळणार नाही."

मी म्हटलं, "मग तुझं सिद्ध कर. काकांना पोलिसात कशाला घातलंस?"

तो म्हणाला, काका गेले, बाबा गेले, आईला ती भाषा कळत नाही. कुणाचं काय बिघडलं?

"आईला कळलं," मी म्हटलं. "तू बोलत होतास तेव्हाच कळलं."

त्यावर तो म्हणाला की मीटिंग आहे, नंतर करतो.

आईला सांगावं की नाही यावर मी बरेच दिवस घालवले. तिनेच एकदा विचारलं, म्हणून सांगितलं, शब्दन्‌शब्द. ती रडली नाही, चिडली नाही. फक्त म्हणाली, "भावजींना मूल नव्हतं. ह्यालाच खांद्यावर घेऊन जत्रेला न्यायचे, त्याच हाताने पाय छातीशी दाबून." मग रविवारी फोन वाजला तेव्हा ती बाथरूममध्ये गेली आणि तो बंद होईपर्यंत बाहेर आली नाही. पुढच्या रविवारीही तसंच. दादा मला विचारायचा, आई कुठाय? मी सांगायचे, बाथरूममध्ये. चारपाच रविवारांनी त्याने विचारणं सोडलं.

तो निवडून आला. तिथल्या वर्तमानपत्रांत म्हणे ती मुलाखत फार गाजली. आईचा हात हातात घेतलेल्या त्या बाईचा फोटो तर बऱ्याच ठिकाणी आला. इथे नाक्यावर फ्लेक्स लागला. आईला डोळे तपासायला न्यायचं होतं, तर मी टॅक्सी मागच्या गल्लीतून घ्यायला सांगितली.

मला त्याचा राग येतो तो नुसता खोटं बोलला म्हणून नाही. कोर्टातला माणूस, खोटं तो आधीही बोलला असेल, आमच्या चाळीसाठीही बोलला असेल. पण आई आयुष्यात एकदा माइकसमोर बोलली. तिला बालवाडीतल्या मुलांशिवाय कुणी कधी काही विचारलं नव्हतं. ती नीट बोलली, कुणाला न दुखावता बोलली, आणि तिच्या समोर बसून तिच्याच मुलाने ते पुसून टाकलं. बाबांच्या सहीचं मी समजू शकते. ती त्यांनी स्वतः केली. आईचं तोंड त्याने न विचारता घेतलं.

तो मला अजून सांगतो की तुलाही बाबांच्या नोंदीवर पासपोर्ट मिळेल, अर्ज कर, म्हातारपणी इथे ये. मी विषय बदलते.

चाळ पाडल्यावर काही वर्षं जवळच भाड्याने राहिलो, मागच्या महिन्यात नव्या टॉवरच्या चाव्या मिळाल्या. कमिटीला दादा प्रमुख पाहुणा म्हणून हवा होता. मी म्हटलं, त्याला वेळ नसतो. त्यांनी परस्पर त्याला गाठलं, आणि तो आला नाही पण त्याने व्हिडिओ पाठवला. पार्किंगमध्ये मांडव, मोठा स्क्रीन, खुर्च्या. आईला पहिल्या रांगेत बसवलं होतं, शाल दिली. स्क्रीनवर दादा आला, मागे दोन झेंडे. त्याचं मराठी अडखळत होतं, 'पुनर्विकास' म्हणताना तर तो थांबलाच. म्हणाला की या चाळीने मला लढायला शिकवलं, आपली मुळं विसरू नका. माणसं टाळ्या वाजवत होती. मालकाचा तो जुना माणूस, ज्याला तेव्हा तिकीट मिळालं होतं, तोही स्टेजवर बसून वाजवत होता.

आई उठली. मला वाटलं तिला बरं वाटत नाही. मी मागोमाग गेले. लिफ्टपाशी कुणी नव्हतं. वर पोचलो, मी दार उघडलं. घरात अजून सामान नव्हतं, नुसता रंगाचा वास. खालून माइकचा आवाज येत होता पण शब्द कळत नव्हते. आईने शाल काढून घडी केली आणि ठेवायला जागा नाही म्हणून माझ्या हातात दिली.

"नळ सोडून बघ," ती म्हणाली. "पाणी येतंय का ते बघ आधी."

मी नळ सोडला. आधी गंजाचं आलं, मग स्वच्छ. ती बराच वेळ बघत उभी राहिली. मग म्हणाली, खिडकी लावून घे, आवाज येतो.